वहीवाली आणि मी

माझ्या नातवाचं, वरदचं बारसं झालं ते साल २००५. रीडिंगच्या आमच्या घरात पाळणा टांगायला छताला कडी नव्हती. रवीने दुकानातून चार पायांवर उभा राहणारा पाळणा आणला आणि आम्ही त्यालाच फुलं बांधली. पाळण्याची दोरी धरायला लीला होती. तिला भारतातून येऊन नऊच दिवस झाले होते.

रवी माझा एकुलता मुलगा. तो कंपनीत कॉम्प्युटरचं काम करतो. सून शिल्पा लंडनला बँकेत, सकाळी सातची ट्रेन पकडून जाते. थोरली नात स्वराली तेव्हा तेरा वर्षांची होती. तिच्यानंतर इतक्या वर्षांनी वरद झाला आणि घरात बाळाचं बघायला कुणी नव्हतं. माझे गुडघे गेलेले. म्हणून लीलाला आणायचं ठरलं, आणि तिला शोधली मीच.

लीला सिन्नरची. तिची आई गोदाबाई आणि मी तीस वर्षं एकाच ओट्यावर बसून विड्या वळल्या. पान कापायचं, तंबाखू भरायचा, दोरा गुंडाळायचा. एकीचं पोर रडलं तर दुसरीने मांडीवर घ्यायचं. लीलाचा नवरा लग्नानंतर चार वर्षांत गेला, मूलबाळ नव्हतं, ती आईपाशी परत आली होती. मी गोदाबाईला विचारायला गेले तेव्हा ती म्हणाली, "भिके, दुसऱ्या कुणी मागितली असती तर दिली नसती."

मी म्हणाले, "माझ्या स्वरालीसारखी ठेवीन."

विमानतळावर पासपोर्टावर शिक्का बसला आणि शिल्पाने तो लीलाच्या हातातून घेतला. "हरवेल गं, नवीन जागा आहे," म्हणाली. घरी आल्यावर तिने तो माझ्याकडे दिला. "आई, देवघरात ठेवा. तिथे तुमच्याशिवाय कुणी हात लावत नाही."

आमचं देवघर म्हणजे जेवणाच्या खोलीतलं एक फळीचं कपाट. त्यात खंडोबाचा, देवीचा आणि सासऱ्यांचा टाक आहे. टाक म्हणजे देवांचे आणि वाडवडिलांचे चांदीचे छोटे पत्रे. सासूकडून माझ्याकडे आले, सिन्नरहून मीच पदरात बांधून आणले. त्यांच्याखाली लाल कापड. महत्त्वाची वस्तू देवाखाली ठेवायची, ही आमच्या घरची पद्धत. रवीचा दहावीचा निकाल मी असाच ठेवला होता. त्याच कापडाखाली मी लीलाचा पासपोर्ट सरकवला आणि वर खंडोबा मांडला. त्या दिवशी मला त्यात काही वावगं वाटलं नाही, हे मी खरं सांगते.

दिवसभर घरात आम्ही तिघंच. वरद झोपला की लीला आईचं पत्र वाचून दाखवायची. गोदाबाईला लिहिता येत नव्हतं, शेजारची मुलगी लिहून द्यायची. पत्रात अर्धा मजकूर माझ्यासाठी असायचा. भिकीला सांग, ओट्यावरचा निंब पाडला. भिकीला सांग, तिच्या जागेवर आता कुणी बसत नाही. लीला ते वाचायची आणि मी नुसती कागदाकडे बघायची. एकदा मी म्हणाले, "माझ्यासाठीचं कुठून सुरू होतं ते बोटाने दाखव."

तिने दाखवलं. मग म्हणाली, "अक्का, शिकता का?"

"सदुसष्टाव्या वर्षी?"

"तुम्हाला कुठे नोकरीला लागायचंय."

स्वरालीच्या शाळेच्या जुन्या कागदांच्या मागच्या बाजूला आम्ही सुरुवात केली. माझी बोटं पेन धरताना वळायचीच. लीला हसायची. "अक्का, विडी नाही ती. दाबू नका, पेटणार नाही." भ काढायला मला अकरा दिवस लागले. सात महिन्यांनी मी माझं नाव लिहिलं, भिकाबाई सखाराम गिते, आणि ते सरळ ओळीत आलं. आयुष्यभर मी दर शनिवारी कारखान्यात अंगठा दिला होता. वर काय लिहिलंय ते कधी कळलं नाही, आणि कळत नव्हतं म्हणून त्याची जबाबदारीही वाटली नाही. लीलाने मला त्यातून बाहेर काढलं. रवीला दाखवलं तर तो फोनवर होता, त्याने अंगठा वर करून "मस्त" म्हटलं.

२००६च्या दिवाळीनंतर जे पत्र आलं ते मी स्वतः वाचलं, लीलाच्या आधी. अक्षरं जुळवत जुळवत. गोदाबाईला दम लागतो. रात्री झोपता येत नाही. डॉक्टर म्हणाले छातीत तंबाखूची धूळ आहे. लीलाला एकदा बघायचं आहे.

लीलाने त्याच संध्याकाळी रवीला विचारलं. ती स्वयंपाकघराच्या दारात उभी होती, हात पदराला पुसत.

"दादा, मला महिनाभर जाऊन यायचंय. माझा पासपोर्ट द्याल का?"

रवी म्हणाला, "तो व्हिसासाठी होम ऑफिसला गेलाय. आला की बघू."

तो माझ्याकडे बघून बोलला नाही. मी भाकरी उलटत होते. पासपोर्ट त्या क्षणी माझ्यापासून आठ पावलांवर होता. सकाळी देव उचलताना मी तो पाहिला होता.

लीला झोपायला गेल्यावर मी रवीला म्हणाले, "अरे, गोदाबाई आजारी आहे."

"आई, एकदा गेली की ती परत येणार नाही. सप्टेंबरला वरद नर्सरीत जाईल. तोवर थांबू दे. तुला झेपेल का सगळं?"

मला झेपलं नसतं. आणि फक्त कामाचंच नव्हतं. ती गेली असती तर त्या घरात दिवसभर माझ्याशी बोलणारं कुणी राहिलं नसतं. रवीसाठी गप्प बसले असं मी पुढे बऱ्याच जणांना सांगितलं. त्यात अर्धंच खरं होतं.

त्याच महिन्यात स्वरालीच्या शाळेने एक जर्मन मालिका दिली. ती शाळेत जर्मन शिकत होती. चार भागांची डीव्हीडी होती, ती बघायची आणि स्वातंत्र्य आणि सदसद्विवेक यावर निबंध लिहायचा. रविवारी दुपारी रवी आणि शिल्पा आठवड्याचं सामान आणायला जात, तेव्हा आम्ही ती लावायचो. खाली इंग्रजी अक्षरं यायची. स्वराली ती वाचून आम्हाला तिच्या मराठीत सांगायची. मी सोफ्यावर. लीला वरदला मांडीवर घेऊन खाली गालिच्यावर. दीड वर्षात मी तिला कधी वर बस म्हटलं नव्हतं, हे मला तेव्हा दिसलं नाही.

मालिकेतली गोष्ट साधी होती. जर्मनीचे दोन तुकडे झाले होते त्या काळातली. एका तुकड्यातून दुसऱ्यात जायला बंदी. एक जुनी इमारत, आणि तिच्यात तळमजल्यावर राहणारी एक म्हातारी विधवा. तिच्याकडे एक वही. इमारतीत कोण आलं, कोण गेलं, पाहुणा किती दिवस राहिला, ते तिने सरकारसाठी लिहायचं. तिचं जर्मन नाव मला म्हणता येईना, म्हणून मी तिला वहीवाली म्हणायला लागले. वरच्या मजल्यावर एक तरुण नर्स. तिची आई पलीकडच्या तुकड्यात. नर्सला आईकडे जायचंय.

"आई पलीकडे?" लीलाने विचारलं.

"हो. तिचा आई खूप सिक आहे," स्वराली म्हणाली. "पण तिला परमिशन नाय मिळत."

लीला वरदच्या पायातला मोजा काढत होती आणि परत घालत होती.

दुसऱ्या भागात नर्स लपून पळायची तयारी करते. वहीवाली जिन्यात तिची सुटकेस बघते. तिसऱ्या भागात साहेब लोक येतात. वहीवालीचा मुलगा सरकारी कारखान्यात मोठ्या जागेवर आहे. साहेब तिला सांगतात, तू सुटकेस पाहिलीस असं लिहून दे, नाहीतर मुलाचं बघून घेऊ. मुलगाही येऊन आईच्या पाया पडतो, म्हणजे त्यांच्या रीतीने गुडघ्यावर बसतो. म्हातारी वही उघडते. बराच वेळ पेन हातात धरून बसते. मग म्हणते, मी काही पाहिलं नाही, आणि वही मिटून टाकते.

मला रडू आलं. मी पदराने डोळे पुसले आणि म्हणाले, "बाई खरी."

"आजी, पण तो खोटं बोलली," स्वराली म्हणाली.

"बोलली. कुणासाठी बोलली ते बघ."

स्वरालीने वही काढली. "ओके. माझ्या निबंधात हा क्वेश्चन आहे. तुम्ही असता तर काय केलं असतं? आजी, तू सांग."

"मी त्या पोरीला जाऊ दिलं असतं," मी म्हणाले. एका क्षणात म्हणाले. "मुलाचं काय व्हायचं ते होवो. कुणाच्या लेकीला आईपासून अडवणं हे पाप आहे."

"लीलामावशी, तू?"

लीला वर न बघता म्हणाली, "मी काय सांगू. वही माझ्याकडे कुठंय."

मी तिच्याकडे बघितलं नाही. टीव्हीवर नावं वर सरकत होती, मी ती वाचत असल्यासारखी बसले. ती जर्मन होती.

स्वरालीने लिहिलं: माझी आजी कधी शाळेत गेली नाही, पण ती म्हणते की माणसाला आईपासून अडवणं हे पाप आहे. बाईंनी तिला सगळ्यात वरचे गुण दिले आणि निबंध वर्गात वाचून दाखवला. शिल्पाला फार कौतुक वाटलं. तिने निबंध मॅग्नेट लावून फ्रिजवर चिकटवला. त्यात मधोमध माझं ते वाक्य होतं, स्वरालीने बोटाने दाखवलेलं. दूध काढायला गेलं की दिसायचं.

डिसेंबरात आणखी एक पत्र आलं, चारच ओळींचं. लीलाने ते मोठ्याने वाचलं नाही. दुसऱ्या दिवशी मी पूजा करत असताना ती परडीत फुलं घेऊन आली आणि देवघरापासून हातभर लांब उभी राहिली. ती तिथे कधी हात लावायची नाही. दुसऱ्याच्या देवाला न विचारता हात लावायचा नाही, हे गोदाबाईने तिला शिकवलेलं.

"अक्का," ती म्हणाली, "तुम्हाला ठाऊक आहे का, पासपोर्ट कुठंय?"

माझ्या हातात खंडोबाचा टाक होता. पाणी गळत होतं.

"रवीलाच ठाऊक," मी म्हणाले.

"देवापुढं विचारते."

"सांगितलं ना, रवीला विचार."

तिने परडी खाली ठेवली आणि गेली. मी टाक पुसून लाल कापडावर ठेवला, त्याच जागी.

जानेवारीच्या दोन तारखेला लीला वरदला बाबागाडीत घालून बागेत गेली, बाराला परत आली, त्याला भरवलं, झोपवलं, माझ्या गुडघ्यांना तेल लावलं. "येते अक्का," म्हणाली. मला वाटलं दुकानात जातेय. तिची पिशवी लहानशी होती. बागेत भेटणाऱ्या कुणा बाईने तिला बायकांना मदत करणाऱ्या संस्थेचा पत्ता दिला होता, हे नंतर कळलं.

पुढच्या आठवड्यात पोलिसांचा फोन आला. दुसऱ्या दिवशी येऊन बोलायचं म्हणाले. त्या संध्याकाळी जेवताना रवी म्हणाला, "आई, तुला विचारतील. तू एवढंच म्हण, मला काही माहीत नाही, तिला कुणी अडवलं नव्हतं."

शिल्पा ताटातला भात नुसता कालवत होती. "पुढच्या वर्षी आपल्याला इथे कायमचं राहायची परवानगी मिळायची आहे, आई. नावावर काही लागलं तर सगळं जाईल. मुलांची शाळा, घर, सगळं."

"मग देऊन टाका ना तो पासपोर्ट," मी म्हणाले.

"आता दिला तर आपण ठेवून घेतला होता हे कबूल केल्यासारखं होईल," रवी म्हणाला. "आई, प्लीज."

एक तरुण गोरा पोलीस आला आणि त्याच्याबरोबर श्रद्धा नावाची दुभाषी. पुण्याकडची, चाळिशीची, बोलायला गोड. मला म्हणाली, "आजी, घाबरू नका. तुम्ही सांगाल ते मी मराठीतच लिहिणार, मग तुम्हाला वाचून दाखवणार, मग सही किंवा अंगठा."

पोलिसाने आधी घर बघितलं. लीलाची खोली, कपाटं, ड्रॉवर. जेवणाच्या खोलीत देवघरापाशी आला तेव्हा त्याने आपणहून बूट काढले. श्रद्धाला काहीतरी विचारलं.

"तो विचारतोय, इथे बघायला चालेल का," ती म्हणाली.

"देव आहेत ते," मी म्हणाले. "माझ्याशिवाय कुणी हात लावत नाही."

तिने सांगितलं. त्या मुलाने मान झुकवली, सॉरी म्हणाला आणि मागे सरकला. माझ्या देवाचा त्याने मान राखला. तेवढा मी राखला नव्हता.

मग मी सांगितलं आणि श्रद्धाने लिहिलं. लिहून झाल्यावर ती वाचायला लागली तेव्हा मी हात पुढे केला.

"द्या. मला वाचता येतं."

"अरे वा, आजी," ती म्हणाली.

मला त्या वाक्याचा आनंद झाला. तेवढ्यातही झाला. मी चष्मा लावला आणि बोट ठेवून वाचलं. लीलावती यांचा पासपोर्ट आमच्या घरात कोणी ठेवून घेतलेला नाही. तो कुठे आहे हे मला माहीत नाही. त्यांना हवं तेव्हा जायला मोकळीक होती. मी त्यांना लेकीसारखं वागवलं. एकही शब्द अडला नाही. लीलाने इतकं चांगलं शिकवलं होतं.

पेन हातात घेऊन मी बराच वेळ बसले. वहीवाली आठवली. मग मी सही केली. भिकाबाई सखाराम गिते. अक्षर सरळ ओळीत आलं. अंगठा असता तर म्हणता आलं असतं, काय लिहिलं होतं ते म्हातारीला कळलं नाही.

त्यानंतर दोन महिने मी रोज देव उचलले आणि ठेवले. एकदा पासपोर्ट उघडून बघितला. आतलं इंग्रजी मला येत नाही, पण काही शब्द हिंदीतही आहेत, ते वाचले. फोटोत लीला घाबरलेली दिसते. मी तो पोस्टात टाकू शकले असते. शेजारणीच्या हातात देऊ शकले असते. रोज उद्यावर टाकलं. पूजेला बसायचं मात्र चुकवलं नाही.

मार्चच्या आठ तारखेला स्वराली शाळेतून आली आणि फ्रिजमधून दूध काढता काढता म्हणाली, "आजी, लीलामावशीचं मम्मी बरी आहे का?"

मी उठले. देवघरातला खंडोबा बाजूला केला, कापड उचललं आणि पासपोर्ट तिच्या हातात दिला. सगळं सांगितलं. कागदावर काय लिहून दिलं तेही सांगितलं.

तिने पासपोर्ट उघडला. आत बघून नाव वाचलं. मग तिने फ्रिजवरचा निबंध काढला, चार घड्या घातल्या आणि कचऱ्यात न टाकता माझ्या हातात दिला. दप्तर खाली ठेवलं, कोट तसाच होता, आणि बस पकडून पोलीस स्टेशनला गेली. चौदा वर्षांची मुलगी. काय बोलायचं ते तिने मला विचारलं नाही, आणि मी तिला सांगायच्या लायकीची राहिले नव्हते.

पोलीस परत आले. या वेळी मी खरं सांगितलं आणि दुसऱ्या कागदावर सही केली. रवीला समज देऊन सोडलं. तो आणि शिल्पा माझ्याशी बरेच दिवस बोलले नाहीत. स्वराली बोलते, विचारलं तेवढंच. पुढे त्या मालिकेचा चौथा भाग मी तिला विचारला. मी आणि लीलाने तो बघितलाच नव्हता. तिने सांगितलं की नर्स पलीकडे पोहोचते आणि वहीवालीच्या मुलाची जागा जाते. तो तिला शेवटपर्यंत भेटायला येत नाही. "ती एकटी बसते," स्वराली म्हणाली, "पण तिचा वही बंद असते."

एप्रिलमध्ये सिन्नरहून माझ्या नावाने पत्र आलं. पाकिटावर अक्षर लीलाचं. आतलं अक्षर मोठं, सुटं सुटं, दोन शब्दांमध्ये बोटभर जागा सोडून लिहिलेलं, मी शिकत होते तेव्हा ती लिहायची तसं. माझ्यावर रागावूनही मला वाचता यावं म्हणून तिने तसं लिहिलं असेल, की सवयीने, ते मला कळत नाही. पत्रात एकही शिवी नव्हती, एकही प्रश्न नव्हता. तीन ओळी होत्या. तिसऱ्या ओळीवर बोट ठेवून मी पुन्हा पुन्हा वाचलं, कुठे चुकत तर नाही ना म्हणून. चुकत नव्हतं.

लीला शनिवारी, १७ मार्चला सिन्नरला पोहोचली. गोदाबाई बुधवारी, १४ मार्च २००७ रोजी सकाळी वारली.